देव दिसला, देऊळ राहिलं

(निरगुडसर येथे झालेल्या महिला बचत गटांच्या मेळाव्यात आपल्या क्षेत्र समन्वयक ताईंनी केलेलं भाषण. बोलल्या तसंच दिलं आहे.)



अध्यक्षताईंनी मला विषय दिलाय सहल. विषय ऐकल्यावर मागून कोणीतरी हसलं. हसा, हरकत नाही. आपल्या गटांमध्ये कर्जफेड, बँक जोडणी, दशसूत्री यावर मी तासभर बोलले तरी कोणी हसत नाही, जांभया मात्र देतात. तेव्हा हसणं परवडलं.

सुरुवात माझ्याच चुकीपासून करते, म्हणजे तुम्ही नंतर आठवण करून द्यायला नको. मी नवीन लागले त्या वर्षी आपण पहिली सहल काढली होती. मला वाटलं, बायका वर्षातून एकदा बाहेर पडतात, तर जास्तीत जास्त दाखवू. एका दिवसात पाच ठिकाणं धरली. ओझर, लेण्याद्री, शिवनेरी, भीमाशंकर आणि वाटेत वेळ मिळाला तर अजून काही. कागदावर फार छान दिसत होतं. प्रत्यक्षात काय झालं ते त्या गाडीतल्या सगळ्या जणींना माहीत आहे. प्रत्येक ठिकाणी उतरलो, पळत रांगेत गेलो, हात जोडले, पळत गाडीत आलो. ड्रायव्हर हॉर्न वाजवत होता. भीमाशंकरला पोचलो तेव्हा दिवस मावळला होता. परत यायला रात्रीचे साडेअकरा वाजले. आपल्याकडे रात्री साडेअकराला उसातून घरी जायचं म्हणजे काय, हे मी बाहेरच्या माणसाला समजावून सांगू शकत नाही. तुम्हाला सांगायची गरज नाही. बिबट्याच्या भीतीने दोघी जणी रस्त्यालगतच्या घरात थांबल्या. एका ताईच्या गाईची धार त्या दिवशी कोणी काढली नाही. त्या ताई पुढे दोन महिने मीटिंगला आल्या नाहीत. घरून सांगितलं होतं, गट बास झाला.

दोन महिने. त्यांचा हप्ता शेजारणीच्या हातून यायचा. मी तीनदा घरी गेले, तिसऱ्यांदा सासूबाईंनी चहा दिला तेव्हा कुठे जीव भांड्यात पडला. एवढं सगळं होऊन मी सहलीनंतरच्या मीटिंगमध्ये विचारलं, लेण्याद्रीला काय काय पाहिलं? सगळ्या म्हणाल्या, गणपती. अजून? माकडं. अजून? पायऱ्या लई होत्या. एक काकू मात्र खरं बोलल्या. त्या म्हणाल्या, “पोरी, देव दिसला, देऊळ राहिलं.”

ते वाक्य माझ्या डोक्यातून गेलं नाही. म्हणून यंदा जानेवारीत आपण छोटी सहल काढली. दोनच ठिकाणं, एक वाटाड्या आणि संध्याकाळच्या धारेला घरी. आज त्या सहलीबद्दल बोलायचंय, कारण ज्या पंधरा जणी आल्या होत्या त्यांनी ऐकलं, पण बाकीच्या गटांना ते पोचायला हवं. आणि पैशाचाही प्रश्न आहे, तो पण उघड बोलू.

दरम्यान एक गंमत झाली. एका गटात मी बसले होते. तिथल्या ताईंची कॉलेजला जाणारी मुलगी मोबाईलवर कंबोडियाचा व्हिडिओ बघत होती. अंकोर वाटचं देऊळ. केवढं ते, पाण्यात पडलेली सावली, भिंतभर कोरलेली चित्रं. सगळ्या बायका तिच्या खांद्यावरून बघत होत्या. मीही बघितलं. सूर्यवर्मन नावाच्या राजाने बाराव्या शतकात ते विष्णूचं देऊळ बांधलं, आणि पुढे ते बौद्धांचं झालं. आजही तिथे भगवे वस्त्र घातलेले भिक्खू दिसतात. आपल्या देशाच्या पुरातत्त्व खात्याची माणसं १९८६ ते १९९३ अशी सात वर्षं तिथे जाऊन दुरुस्तीचं काम करत होती. मुलगी म्हणाली, “मॅडम, आपल्याकडे असं काहीच नाही.” मी म्हटलं, अगं, तू लेण्याद्रीला गेलीस ना? तिथे नेमकं उलटं झालंय. आधी बौद्धांचं होतं, मग गणपती आला. ती म्हणाली, “कुठं? आम्हाला तर कोणी नाही सांगितलं.” बरोबर आहे तिचं. कोणी सांगितलंच नाही तर दगड काय बोलणार?

आता सहल. सकाळी सहाला निरगुडसरहून निघालो. मंचर, नारायणगाव, जुन्नर करत आठच्या आत लेण्याद्रीच्या पायथ्याशी. ऊन चढायच्या आत वर जायचं, हा पहिला नियम. पायऱ्या जवळपास तीनशे आहेत. गुडघेदुखीवाल्यांसाठी डोली मिळते, त्याचे पैसे खाली ठरवून मगच बसायचं. पुरातत्त्व खात्याचं तिकीट लागतं. पिशवीत खाऊ दिसेल असा ठेवायचा नाही, माकडं हिसकावून घेतात. एका ताईंच्या डब्यातली शेंगदाण्याची पोळी त्यांनी नेलीच, पण ते जाऊ द्या.

वाटाड्या जुन्नरचाच एक मुलगा होता, इतिहास शिकलेला. त्याचे हजार रुपये ठरले होते. त्यावरून आधीच्या मीटिंगमध्ये केवढा वाद झाला! “देव दाखवायला पैसे कशाला? पाटी असते ना लावलेली.” आमच्या खजिनदार ताई तर ठाम विरोधात होत्या. त्यांचं म्हणणं, गटाचा पैसा कष्टाचा आहे, गप्पा ऐकायला नाही. शेवटी पंधरा जणींनी घरखर्चातून सत्तर-सत्तर रुपये काढले, गटाच्या पैशाला हात लावला नाही. उरलेल्या पन्नास रुपयांचा चहा झाला. हा हिशेब वहीत आहे, कोणालाही बघता येईल.

तर तो मुलगा आम्हाला आधी गणपतीकडे घेऊनच गेला नाही! बायका कुरकुरल्या. तो म्हणाला, दर्शन होणारच आहे, पण आधी शेजारच्या सहा नंबरच्या लेण्यात या. या डोंगरात साधारण तीस लेणी ओळीने कोरलेली आहेत, दक्षिणेकडे तोंड करून. गिरिजात्मज गणपती आहे तो सात नंबरचं लेणं. सहा नंबर म्हणजे चैत्यगृह, बौद्धांची प्रार्थनेची जागा. आत गेलो तर दोन्ही बाजूंना खांब, खांबांच्या डोक्यावर हत्ती आणि वाघ कोरलेले, शेवटी गोल स्तूप. मग तो म्हणाला, वर बघा. छताला दगडाच्या कमानी कोरल्या आहेत, जशा लाकडी घराला वासे असतात तशा. दगडाला वाशांची काय गरज? काहीच नाही. लाकडात घर बांधणाऱ्या कारागिरांची ती सवय होती, दगडातही ते वासे काढत गेले. आमच्या एक आज्जी लगेच म्हणाल्या, “आमच्या जुन्या घराचं आढं असंच होतं.” त्या आज्जींनी पुढे दिवसभर वाटाड्याची पाठ सोडली नाही.

मग कोणीतरी म्हणालं, पांडवांनी एका रात्रीत कोरलं हे सगळं. आपण सगळ्यांनी लहानपणापासून हेच ऐकलंय. त्या मुलाने हसून उडवून लावलं नाही, ते मला आवडलं. तो म्हणाला, “मावशी, ही गोष्ट आपल्या लोकांनी प्रेमाने सांगितलेली आहे. पण इथं ज्यानं खर्च केला, त्यानं आपलं नाव लिहून ठेवलंय. ते बघू.” आणि त्याने बाहेर ओसरीतल्या भिंतीवरची ओळ दाखवली. ब्राह्मी लिपी. आपल्याला ती अक्षरं म्हणजे काड्या, गोल, फुल्या अशी दिसतात. त्याने बोट न लावता, लांबून एकेक अक्षर वाचलं. कल्याणच्या हेरणिकाचा मुलगा सुलसदत्त, त्याने हे चैत्यगृह दान दिलं.

कल्याण म्हणजे तेच कल्याण, लोकलवालं. तिथला माणूस इथे कशाला आला? तर त्या काळी जुन्नर मोठी बाजारपेठ होती. कल्याण, सोपारा या बंदरांचा माल नाणेघाट चढून इकडे यायचा. व्यापारी यायचे, श्रीमंत व्हायचे, भिक्खूंसाठी लेणं कोरून द्यायचे. जुन्नरच्या लेण्यांत यवनांची, म्हणजे ग्रीक लोकांचीही दानं कोरलेली आहेत. कुठून कुठून माणसं आली होती आपल्या जुन्नरला. आजींना पांडव गेल्याचं थोडं वाईट वाटलं. त्या म्हणाल्या, “भीमाचं नाव होतं ते बरं होतं.” मी म्हटलं, गोष्ट राहू द्या आजी, नातवंडांना सांगा. फक्त सांगताना सुलसदत्तालाही घ्या. खर्च त्याने केलाय.

आणि आता जे सांगणार आहे त्यासाठी मी खरं म्हणजे आज इथे उभी आहे.

आमच्या खजिनदार ताई तोपर्यंत कोपऱ्यात बसून होत्या, पदराने वारा घेत. त्यांनी विचारलं, “एवढा पैसा हा ठेवायचा कुठं? तेव्हा बँक कुठं होती?” वाटाड्या एकदम खूश झाला. म्हणाला, ताई, हा प्रश्न मला आजवर कोणी विचारला नव्हता. आणि त्याने श्रेणींबद्दल सांगायला सुरुवात केली.

श्रेणी म्हणजे एकाच धंद्यातल्या लोकांचा संघ. विणकरांची श्रेणी, बुरुडांची, कासारांची, धान्याच्या व्यापाऱ्यांची. जुन्नरच्याच एका लेखात धान्यवाल्यांच्या श्रेणीने सात खोल्यांचं लेणं आणि पाण्याची पोढी दान दिल्याचं लिहिलंय. पोढी म्हणजे पाण्याचं टाकं. हा शब्द तेव्हाचा. दुसऱ्या एका लेखात बुरुडांच्या आणि कासारांच्या श्रेणीकडे ठेव ठेवून महिन्याला किती यायचं ते कोरलंय. म्हणजे लोक या श्रेणींवर विश्वास ठेवून त्यांच्याकडे पैसे ठेवायचे, आणि श्रेणी त्यावर व्याज द्यायची.

खजिनदार ताई वारा घ्यायच्या थांबल्या. “व्याज? किती टक्के?”

मग त्याने नाशिकचा लेख सांगितला. नाशिकच्या पांडवलेण्यांत दहा नंबरच्या लेण्यात नहपान राजाचा जावई उषवदात याचा लेख आहे, सुमारे एकोणीसशे वर्षांपूर्वीचा. त्याने लेणं दिलं आणि तिथे राहणाऱ्या भिक्खूंच्या खर्चासाठी कायमची सोय म्हणून तीन हजार कार्षापण, म्हणजे तेव्हाची चांदीची नाणी, गोवर्धन गावच्या विणकरांच्या दोन श्रेणींकडे ठेवली. एकीकडे दोन हजार, दर महिना शेकडा एक व्याजाने. दुसरीकडे एक हजार, शेकडा पाऊण व्याजाने. मुद्दल कधी परत मागायचं नाही, फक्त व्याज वापरायचं. दोन हजारांच्या व्याजातून वीस भिक्खूंना वर्षाला प्रत्येकी बारा नाणी, कपड्यासाठी.

तो एवढं बोलला आणि पुढे जायला लागला. खजिनदार ताई म्हणाल्या, “थांब.” डोळे मिटले. ओठ हलत होते. “दोन हजाराला शेकडा एक, म्हणजे महिन्याला वीस. बारा महिन्याचे दोनशे चाळीस. वीस माणसं, बारा-बारा… दोनशे चाळीस.” डोळे उघडून म्हणाल्या, “हिशेब जुळतोय.”

ताईंनो, मी समाजकार्याचं शिक्षण घेतलंय. सूक्ष्म वित्त या विषयाचा पेपर दिलाय. त्यात बचत गटांचा इतिहास म्हणून आम्हाला बांगलादेशची ग्रामीण बँक शिकवली, १९९२ साली नाबार्डने सुरू केलेली गट-बँक जोडणी शिकवली. ते सगळं खरं आहे आणि महत्त्वाचं आहे. पण पाऊणशे किलोमीटरवर नाही, आपल्या शेजारच्या तालुक्यात दगडात ठेवी आणि व्याज कोरून ठेवलंय हे मला कोणी सांगितलं नव्हतं. आणि सातवी शिकलेल्या एका बाईने एकोणीसशे वर्षांपूर्वीचा हिशेब तोंडी तपासून बरोबर आहे म्हणून सांगितलं, तेव्हा माझ्या अंगावर काटा आला.

वाटाड्या पण थांबला होता. त्याने अजून एक सांगितलं. त्या नाशिकच्या लेखात असंही लिहिलंय की हे सगळं निगमसभेत वाचून दाखवलं आणि फळ्यावर नोंदवलं. म्हणजे काय? ठराव सभेत वाचला आणि नोंद केली. आपण काय करतो? तेच. आणि आपल्यातल्या किती जणी अजून म्हणतात, “मॅडम, ते लिहायचं तुम्हीच बघा, आम्ही फक्त अंगठा देतो”?

एक गोष्ट मात्र स्पष्ट करते, नाहीतर उद्या कोणीतरी गावात सांगेल की सातवाहनांच्या काळात बचत गट होते. नव्हते. श्रेणी म्हणजे धंदेवाल्यांच्या संघटना. बारा-पंधरा बायकांनी दर महिन्याला शंभर रुपये काढायचे आणि एकमेकींना द्यायचे, ही आपली पद्धत वेगळी आहे. सारखं आहे ते एवढंच की अनोळखी माणसाने आपला पैसा यांच्याकडे ठेवावा इतकी त्यांची पत होती. आणि पत कशाने येते हे तुम्हाला मी नको सांगायला.

बायका कुठे होत्या मग? होत्या. नाशिकलाच तिसऱ्या नंबरचं भव्य लेणं गौतमी बलश्रीने दिलं, गौतमीपुत्र सातकर्णीच्या आईने. राजाने आईचं नाव लावलंय हे लक्षात घ्या. उषवदाताची बायको दक्षमित्रा हिनेही भिक्खूंना राहायला खोली दिली, तिचं नाव वेगळं कोरलंय. आणि आपल्या नाणेघाटात नागनिका राणीचा लेख आहे. त्याबद्दल शेवटी बोलते.

मग दर्शन झालं. सात नंबरचं लेणं म्हणजे एक प्रचंड खोली, मध्ये एकही खांब नाही. कडेने छोट्या छोट्या खोल्या, भिक्खूंच्या. आधीच्या सहलीत मी त्याच खोलीत उभी होते, खांब नाही हे मला दिसलंच नव्हतं. या वेळी सगळ्या जणी आधी छताकडे बघत होत्या, मग गणपतीकडे. एक ताई हळूच म्हणाल्या, “एवढा डोंगर वर, आणि खाली टेका नाही.” त्यांनी नमस्कार केला तो नक्की कोणाला केला, मी विचारलं नाही.

साडेदहाला खाली उतरलो. जुन्नरहून आपटाळेमार्गे पूरला गेलो, कुकडेश्वरला. हे देऊळ आपल्यातल्या फार कमी जणींनी बघितलंय. गर्दी नाही, दुकानं नाहीत, हार-प्रसादवाले नाहीत. चावंड किल्ल्याच्या बाजूला, डोंगराच्या कुशीत, जिथे कुकडी उगम पावते तिथे. आपण कुकडी म्हणतो तेव्हा डोक्यात पाट येतो, पाण्याची पाळी येते, आवर्तन कधी सुटणार ते येतं. येडगाव, माणिकडोह, वडज, पिंपळगाव जोगे, डिंभे, ही पाच धरणं कुकडी प्रकल्पाची. पण कुकडी सुरू कुठे होते, तिथे उभं राहून बघितलं होतं का कोणी? पंधरा जणींत एक हात वर झाला. ती माहेरची तिकडची होती.

देऊळ शंकराचं, काळ्या दगडाचं. शिलाहारांच्या झंज राजाने नद्यांच्या उगमापाशी बारा शिवालयं बांधली, त्यातलं हे एक, असं सांगतात. इथे मी वाटाड्याला आमचा ठरलेला प्रश्न विचारला: हे लेखात आहे की सांगीव आहे? तो म्हणाला, सांगीव. हा प्रश्न तुम्हीही विचारा. कोणताही वाटाड्या असो, पुजारी असो, मी असो. चांगला माणूस रागवत नाही. जो रागावतो त्याला पुढच्या वेळी बोलवायचं नाही.

सगळ्या जणी याला हेमाडपंती देऊळ म्हणत होत्या. दगडावर दगड, मध्ये चुना नाही, खाचा करून बसवलेले. तो म्हणाला, शब्द चालतो, पण हेमाडपंत तेराव्या शतकातले, देवगिरीच्या यादवांचे मंत्री. अशी देवळं त्यांच्या आधीपासून बांधली जात होती. म्हणजे सगळ्या चुना नसलेल्या देवळांचं श्रेय एका माणसाला मिळालं. यावर एक काकू म्हणाल्या, “मंत्र्याचं नाव लागतंच कामाला.” सगळ्या इतक्या हसल्या की तो मुलगा लाजला.

वरचा मूळ कळस राहिलेला नाही. पण खांब बघा. खांबांच्या माथ्यावर बुटके यक्ष बसवलेत, हात वर करून छताचा भार पेलताहेत. पोट सुटलेलं, गुडघे वाकलेले. आमच्या आज्जी त्यातल्या एका यक्षासमोर कितीतरी वेळ उभ्या होत्या. मग म्हणाल्या, “याला कुणी विचारलं का, दमलास का म्हणून?” मी वहीत लिहून घेतलं ते.

आणि आता एक नाजूक गोष्ट बोलते. पुरुष मंडळी बाहेर आहेत, चालेल. आमच्यातली एक जण त्या दिवशी देवळात येणार नव्हती. कारण तुम्हाला कळलं असेल. तिने सकाळी गाडीतच मला कानात सांगितलं, “मॅडम, मला आज जमणार नाही, मी गाडीत बसते.” सत्तर रुपये भरून, पहाटे चारला उठून स्वयंपाक करून, ती दिवसभर गाडीत बसणार होती. माझं स्वतःचं मत काय आहे ते तुम्हाला माहीत आहे, ते मी तिच्यावर लादलं नाही. गाभाऱ्यात जायचं की नाही, हे तिचं तिने ठरवावं. पण मी तिला म्हटलं, चैत्यगृहात पूजा होत नाही, तिथे ये. ती आली. आणि कुकडेश्वरला मी वाटाड्याला आधीच सांगून ठेवलं होतं, बाहेरच्या भिंतीपासून सुरुवात कर. देवळाचं कोरीवकाम बघायला आत जावंच लागतं असं नाही. बाहेरून फेरी मारली, थर कसे चढवलेत, दगड कसे गुंतवलेत ते बघितलं. ती पूर्ण वेळ आमच्याबरोबर होती. आम्ही आत गेलो तेवढी दहा मिनिटं ती कुंडापाशी बसली. मागच्या सहलीत अशी कोणी गाडीत बसून राहिली होती का? मी आता विचार करते. बहुतेक असेल. आपण विचारलंच नव्हतं.

तिथेच झाडाखाली भाकरी खाल्ली. ठेचा, पिठलं, कांदा, कोणाच्या तरी डब्यात मासवडी होती, ती पंधरा जणींत कशी पुरली ते शंकरालाच माहीत. दोन वाजता निघालो. साडेचारला निरगुडसर. कोणाचीही धार चुकली नाही. कोणालाही अंधारात उसातून जावं लागलं नाही. ज्या ताईंना दोन महिने बंद केलं होतं ना, त्याही होत्या. त्यांच्या सासूबाई गाडीपाशी आल्या आणि म्हणाल्या, “आलात का वेळेत?” एवढंच. पण मला ते शाबासकीसारखं लागलं.

आता पैशाचं. सत्तर रुपये वाटाड्याचे आणि चहाचे, गाडीभाडं वेगळं, लेण्याद्रीचं तिकीट वेगळं. खजिनदार ताई आधी विरोधात होत्या हे मी सांगितलं. पुढच्या मीटिंगमध्ये त्यांनी स्वतः विषय काढला. त्यांचं म्हणणं असं की वाटाड्याचे पैसे वाया गेले नाहीत, पण दर वेळी बाहेरच्याला का द्यायचे? २०१८ साली जुन्नर पर्यटन तालुका म्हणून जाहीर झाला. लोक येतात, विचारतात. आपल्या दहावी-बारावी झालेल्या मुली घरी बसल्यात. त्या हे शिकू शकत नाहीत का? मला हा विचार पटला, पण मी लगेच हो म्हटलं नाही. कारण चार गोष्टी पाठ करून सांगणं म्हणजे वाटाड्या होणं नाही. त्या मुलाने जे केलं, सांगीव काय आणि कोरीव काय हे वेगळं ठेवलं, त्याला अभ्यास लागतो. आणि लेण्यांमध्ये एकट्या मुलीने अनोळखी लोकांना घेऊन फिरायचं, तर सुरक्षेचा विचार आधी करावा लागेल. दोघी-दोघींनी करावं, असं माझं मत. यावर प्रत्येक गटाने आपापल्या मीटिंगमध्ये बोलावं आणि नोंद करावी. नोंद, फक्त बोलणं नाही.

आणि नाणेघाट. पुढची सहल तिथे ठरते आहे. घाटाच्या माथ्याशी एक लेणं आहे, त्यात सातवाहनांच्या पुतळ्यांचे आता पायच शिल्लक आहेत, पण वर नावं कोरलेली आहेत. त्यात नागनिकेचं नाव आहे. आणि बाजूच्या भिंतींवर मोठा लेख, दोन हजार वर्षांपेक्षा जुना. कोणत्या यज्ञाला किती गायी दिल्या, किती घोडे, किती हत्ती, किती कार्षापण, सगळं आकड्यांत. आपल्या देशात कोरलेल्या सर्वांत जुन्या आकड्यांपैकी ते आकडे आहेत. वर घाटात दगडाचा मोठा रांजण आहे, त्यात जकातीची नाणी टाकायचे असं सांगतात. हो, सांगतात. आज्जी हसल्या बघा.

पावसाळ्यात तिथे जाणार नाही. धुकं, गर्दी आणि निसरडं, काहीच दिसत नाही. दिवाळीनंतर जाऊ. गाडी छोटी आहे, सोळा जागा. ज्यांना यायचंय त्यांनी नाव गटाच्या सचिवांकडे द्या आणि नावापुढे हेही सांगा की त्या दिवशी घरची धार कोण काढणार आहे. ते नाव रिकामं असेल तर मी आधी घरी येऊन चहा पिणार, मग जागा देणार. खजिनदार ताईंची जागा त्यांनी आत्ताच पैसे भरून धरून ठेवली आहे. त्यांना तो नागनिकेचा हिशेब तपासायचाय.